ढगेबाईंची तारीख

उदगीरच्या कोर्टासमोर लिंबाखाली माझं टेबल.
टाइपरायटरचा ‘ळ’ अर्धाच उठायचा.
तोंडारे वकील कागद उन्हात धरून म्हणायचे,
“रज्जाक, तुझ्या मशीनवर काळेचं निम्मं नाव गहाळ होतं,
उद्या निम्मी जमीन होईल.”

निजामाच्या वेळची खतं ते स्वतः वाचायचे.
उर्दू शिकले माझ्या अब्बांकडून,
एका अक्षराला एक चहा, या दरानं.

उलटतपासणीत आवाज चढायचा नाही.
चष्मा काढायचा, धोतराच्या सोग्यानं पुसायचा,
मग हळूच:
“तेव्हा ऊन कुठवर आलं होतं?”
साक्षीदार नसलेल्या उंबऱ्याकडं बघायचा
अन् तिथंच अडकायचा.

फी बुडवणाऱ्यांची एक वही होती.
एका संक्रांतीला त्यांनी ती बंबात घातली.
मी दोन दिवस बोललो नाही.
तिच्यात माझ्या टायपिंगचेही पैसे होते.

मग पदवीधरची निवडणूक.
आठ जिल्हे, एक जुनी जीप,
जांभळ्या स्केचपेननं नावापुढं फक्त आकडा काढा,
हे पदवीधरांना समजावता समजावता घसा गेला.
औरंगाबादला मोजणी दुसऱ्या पसंतीवर गेली,
तिसऱ्यावर गेली,
पहाटे चारला मन्मथ तोंडारे आमदार झाले.
देवणीकडच्या एका संस्थेचा गठ्ठा
शेवटी एकदम त्यांच्या बाजूला पडला होता.
गुलाल माझ्याही कानात गेला. मी काही विचारलं नाही.

त्याच संस्थेच्या वसतिगृहात
शेवंता ढगे चौदा वर्षं शिपाई होती.
मस्टरवर नाव अध्यक्षांच्या सुनेचं.
दावा तोंडारे वकिलांनीच लावला होता, निवडणुकीच्या आधी.

आता मी टाइप करायचो:
‘वादीचे वकील अधिवेशनात असल्याने
पुढील तारीख मिळणेस विनंती.’
मुंबईचं अधिवेशन, नागपूरचं अधिवेशन,
अन् अधिवेशन नसलं की समितीचा दौरा.
ती पहिल्या एसटीनं यायची,
कोर्टाच्या पायरीवर चप्पल काढून बसायची,
पुकारा झाला की उठायची,
तारीख हातावर लिहून घ्यायची. पेन माझा.
असे एकतीस अर्ज.
एकतिसावा मी न वाचता टाइप केला.

सभागृहात मात्र ते बोलले.
नियमाप्रमाणं, तीन मिनिटं, वेतनबुडव्या संस्थांवर.
सुरुवातीलाच सवयीनं “हुजूर” म्हणाले सभापतींना.
छापील कार्यवृत्त मला त्यांनी टपालानं पाठवलं.
त्यात कंसात ‘हशा’ आहे.
चौदा वर्षं आहेत, मस्टर आहे, सून आहे.
पुढं ‘एक महिला’.
फोन करून विचारलं, नाव घेतलं नव्हतं का?
तिकडून नुसता पंख्याचा आवाज.

सहा वर्षं संपली. दुसऱ्यांदा तिकीट नाही.
कोट काढला, तर बगलेत उसवला.
माझ्या टेबलाशी आले, उभेच राहिले.
“रज्जाक, ढगेबाईंची पुढची तारीख?”
मी सांगितलं:
मार्चमध्ये पुकारा झाला, कुणी उठलं नाही,
दावा खारीज.

देवणीला गेलो आम्ही, माझ्या लुनावर.
घराला कुलूप.
शेजारीण म्हणाली, पोराकडं गेली, हैदराबादला,
का बिदरला, तिला धड सांगता येईना.
वकील ओट्यावर बसले.
चष्मा काढला, पुसला,
अन् बराच वेळ घातलाच नाही.
मला वाटलं आता विचारतील, ऊन कुठवर आलं.
ते कुलपापर्यंत आलं होतं.

दावा पुन्हा दाखल करून घ्यायचा अर्ज
त्यांनी स्वतःच्या अक्षरात लिहिला. मला टाइप करू दिला नाही.
मंजूर झाला. पुढं पाच वर्षं
ते दर तारखेला हजर. वादी गैरहजर.

आता ते नाहीत. मशीन भंगारात गेलं.
कार्यवृत्ताचा तो अंक माझ्याकडं आहे, पान दोनशे चौदा.
परत आले त्या आठवड्यात
घरी नेऊन परत दिला होता त्यांनी.
‘एक महिला’ला पेन्सिलनं खूण,
अन् समासात उर्दूत, अब्बांनी शिकवलेल्या वळणानं,
शेवंता ग्यानबा ढगे.
नातीला ते वाचता येत नाही.
ती विचारते, मी वाचून दाखवतो.